मला मोजू नका, मी उरेडियाचं मुसळ

मी मुसळ बोलतोय. बोलतोय कसला, कुरकुरतोय. जन्मभर उखळात आपटून घेतलेल्या लाकडाकडून गोड बोलण्याची आशा कुणी धरू नये. शाळेत मी गेलो नाही. उखळात गेलो, तेवढंच माझं शिक्षण.

इरोको झाडाच्या जाड फांदीतून मला इग्बो लोकांच्या मुलखातल्या एका सुताराने काढलं. उरेडियाचं लग्न ठरलं तेव्हा तिच्या आईने मला तिच्या हाती दिलं नि म्हणाली, "नवरा बरा निघाला तर कोनफळ कूट." आणि नाही निघाला तर? ते काही म्हातारीने सांगितलं नाही. माझ्याकडे बघून हसली तेवढी.

नवरा बरा निघाला. पण लवकर गेला. मग उरेडिया पामची फळं उकडायची, माझ्याकडून कुटून घ्यायची, लाल तेल काढून बाजारात न्यायची. माझं अंग त्या तेलाने असं मुरलं की वाळवीसुद्धा तोंड वाकडं करून परत जायची.

तेव्हा राज्य इंग्रज साहेबाचं. साहेबाला आमच्यात राजा सापडेना, कारण आमच्यात राजा नव्हताच. मग त्याने न्वोसू नावाच्या माणसाला लाल टोपी घातली नि म्हणाला, हा तुमचा सरदार. कालपर्यंत आमच्या अंगणात फुकटची ताडी पिणारा न्वोसू आज सरदार! टोपीखालचं डोकं मात्र जुनंच राहिलं.

एके सकाळी न्वोसूचा माणूस आला. नाव जोसाया, मिशनच्या शाळेत चार बुकं शिकलेला, अंगात पांढराशुभ्र सदरा. उरेडियाचे हात कोपरापर्यंत तेलात.

"आई, काम चाललंय वाटतं?"

"नाही, नाचतेय. काय हवं?"

"घरात माणसं किती?"

"का? जेवायला घालणारेस?"

"तसं नाही. सरदारांचा हुकूम आहे. बायका, पोरं, बकऱ्या, सगळं मोजायचंय."

आमच्याकडे माणसं मोजत नाहीत. मोजलेल्या माणसावर मरणाची नजर पडते. शिवाय मागे पुरुषांना असंच मोजलं होतं, नि पाठोपाठ त्यांच्यावर कर बसला. तेलाचा भाव आधीच पडलेला. बायकांवर कर बसला तर उरेडियाने पोरांना काय घालायचं? फळांचा चोथा?

जोसायाने तिच्याकडे बोट केलं. "एक..."

उरेडिया उठली नि तो लाल हात तिने त्याच्या सदऱ्यावर, छातीवर चांगला दाबला. "मोज आता. पाच आहेत."

तो पळाला. चांगला पळाला. शिकलेली माणसं पळतात छान.

त्याच दिवशी उरेडियाने आपल्या मैत्रिणीला, अडाकूला हाक मारली. अडाकू म्हणजे गावातला सगळ्यात मोठा गळा. ती कुजबुजली तरी पलीकडच्या गावच्या कोंबड्या दचकायच्या. दोघींनी पामची कोवळी झावळी घेतली नि बायकांच्या हातोहात गावोगाव धाडली. झावळी पोचली की बाईने चूल सोडून निघायचं, हा आमचा रिवाज. आल्या की हो! हातात मुसळं, डोक्याला पाला. एवढी मुसळं एका जागी मी जन्मात पाहिली नव्हती. ओळखीपाळखी झाल्या.

आमच्याकडे बाप्या माजला की बायका 'त्याच्यावर बसतात'. म्हणजे घराला गराडा घालायचा, मुसळांनी भिंती धोपटायच्या, त्याची लाज काढणारी गाणी गायची, नि तो शरण येईपर्यंत हलायचं नाही. तुम्ही उरावर बसणं म्हणता ना, तेच. फक्त आमच्यात ते खरोखर करतात.

न्वोसूने घाबरून साहेबाकडे निरोप धाडला, "बायका माझ्यावर बसायला येतायत." दुभाष्याने शब्दाला शब्द लावला, नि तोही अर्धाच. साहेब खूश झाला. म्हणाला, "बसायला येतायत? वा! मग बाकं पाठवा."

बाकं आली! बायका पोट धरधरून हसल्या. मग ती मोडून चुलीत घातली नि त्यावर कोनफळं उकडली. मी ती न्वोसूच्याच उखळात कुटली. सरकारी लाकडावर शिजलेलं कोनफळ लुसलुशीत होतं, खोटं का बोला.

अडाकूने गाणं धरलं, "न्वोसू, तुझ्या टोपीत काय? टोपीत टोपी, डोकं न्हाय!" बायका दिवसरात्र गात राहिल्या नि आम्ही भिंती बडवत राहिलो. शेवटी न्वोसू बाहेर आला नि टोपी काढून उरेडियाच्या पायाशी ठेवली.

"घे बाई. पण त्या अडाकूला गप्प कर."

तिथेच थांबलं असतं तर बरं झालं असतं. पण बाकीच्या गावांतही टोप्या होत्याच. बायका नदीकाठच्या शहराकडे निघाल्या. तिथे शिपाई बंदुका रोखून उभे. अडाकू म्हणाली, "चला गं. उरावर बसायला आलेल्या बाईवर कोण हात उगारतो?"

आमच्यात कुणीच उगारत नाही. जन्माला आल्यापासून तिने हेच पाहिलं होतं. शिपायांना आमचा रिवाज ठाऊक नव्हता.

उरेडिया परत आली तेव्हा तिच्या एका हातात मी होतो, दुसऱ्या हातात अडाकूचं मुसळ. ते मुसळ तिने अडाकूच्या लेकीला दिलं.

सरकारला बायका मोजायच्या होत्या ना? मेलेल्या मात्र नीट मोजता आल्या नाहीत. एक म्हणे इतक्या, दुसरा म्हणे तितक्या.

पण बायकांवर कर बसला नाही. लाल टोप्याही एकेक करून गेल्या. पुढे देश स्वतंत्र झाला. पोरांना शिकवतात, स्वातंत्र्य भाषणांनी आलं. आलं असेल बुवा. मी भाषणं कुटली नाहीत.

उरेडिया पिकल्या पानासारखी गेली. घरात चक्की आली, मी अडगळीत. मग ओकुडिली नावाचे एक गृहस्थ मला संग्रहालयात घेऊन आले. भला माणूस, पण काय केलं? माझ्या पोटावर पांढऱ्या रंगाने आकडा घातला! उरेडियाने स्वतःला मोजू दिलं नाही, नि तिच्या मुसळाला मोजलं. शेजारी पाटी, 'मुसळ. घरगुती वापर.'

गेल्या महिन्यात उरेडियाची नात उलोमा आली. शाळेत मास्तरीण आहे. पाटी वाचली नि म्हणाली, "ओकुडिलीकाका, घरगुती? आजी असती तर तुमच्या उरावर बसली असती."

"बस म्हणावं. बाकं आहेत आत," ते म्हणाले. त्यांना गोष्ट ठाऊक होती, लबाड!

उलोमा हसली. मग आपला जेवणाचा डबा उघडून तिने त्यातल्या लाल तेलात नेसूच्या कापडाचं टोक बुडवलं नि माझं पोट घासायला लागली.

"अगं, आकडा गेला तर मी याला शोधू कसा?"

"नावाने हाक मारा."

"मुसळाला कसलं नाव?"

"उरेडियाचं."

ओकुडिलींनी पाटी उलटी करून कोऱ्या बाजूला तेच लिहिलं.

तेव्हा तुम्ही आलात तर मी कितवा ते विचारू नका. कुणाचा ते विचारा. आणि येताना एखादं कोनफळ आणा. उखळ इथे शेजारीच आहे, कधीचं नुसतं बसलंय.