दोन घरची जेवणं

अवनीने वरणभाताचा घास तोंडात घेतला, पण तो गिळवेना. गाल फुगवून ती तशीच बसून राहिली आणि मग एकदम उठून मोरीकडे धावली.

सुचित्राने तिची पाठ चोळली, तोंड धुतलं. मागच्या रविवारीही हेच झालं होतं. ती आणि हितेंद्र वेगळे झाल्यापासून रविवारी अवनी लालबागला बाबाकडे जायची आणि रात्रीच्या जेवणाला ठाकूरद्वारला परत यायची. बाहेरचं काहीबाही खायला घालत असणार, असं पुटपुटत सुचित्राने तणतणतच फोन लावला.

"काय दिलंस तिला खायला?"

"भात नि बांगड्याचं तिखलं. मीच केलेलं," हितेंद्र म्हणाला. "निघायच्या आधी पोटभर जेवली की. का गं, काय झालं?"

सुचित्राचा आवाज उतरला. "काही नाही. झोपेल आता," म्हणून तिने फोन ठेवला.

"अवू, जेवून आलीस तर सांगायचं ना, भूक नाही म्हणून."

अवनी फ्रॉकचा काठ बोटाला गुंडाळत राहिली.

"बाबाने शिकून शिकून केलेलं असतं. आणि तू थांबलेली असतेस. मी नाही बसले तर तू एकटीच जेवशील ना?"

सुचित्राने तिला मांडीवर ओढून घेतलं. एरवी अवनी लवकर जेवून झोपली की ती बरेचदा नुसत्या चहावर भागवायची. पोरीला तेही ठाऊक होतं की काय, हे विचारायचा तिला धीर झाला नाही.

पुढच्या रविवारी तिन्हीसांजेला तिने बांगडे तळले आणि डबा घेऊन शेजारच्या नलूताईंचं दार वाजवलं. लोक काय विचारतील, या धास्तीने कित्येक महिन्यांत तिने कुणाचा उंबरा ओलांडला नव्हता. नलूताईंनी डब्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

"ये गं आत. पानं घेते," एवढंच त्या म्हणाल्या.

रात्री अवनी घरी आली तीच विचारत.

"जेवलीस?"

"जेवले."

"कोणाबरोबर?"

"नलूताईंबरोबर. भरपूर हसलो सुद्धा."

अवनीने तिचा हात ओढून बोटांचा वास घेतला. चांगला दोनदा घेतला. गॅलरीत शेजारचा सम्यक कधीपासून खेळायला हाका मारत होता.

"आले रे!" ती ओरडली आणि बाहेर पळाली.