पुलाच्या खालच्या अंगाला

आमच्या गावाला नीरेवर दोन पूल आहेत. नवा पूल गाड्या जाण्यासाठी आणि जुना पूल टाकण्यासाठी.

जुना पूल दगडी आहे, भोर संस्थानाच्या वेळचा. त्याच्या तोंडाशी पाटी आहे, 'पूल धोकादायक, वाहतुकीस बंद'. टाकण्यास बंद असं पाटीवर कुठंही लिहिलेलं नाही, आणि आमचं गाव कायदा पाळणारं आहे. रोज सकाळी माणसं येतात, गाडी स्टँडवर लावतात, पिशवी फेकतात, पाया पडतात आणि कामाला जातात. पिशवीत निर्माल्य असतं. सांडू नये म्हणून पिशवीला दोन गाठी मारलेल्या असतात. म्हणजे फुलं कुजायला आत राहतात आणि पिशवी तरंगायला बाहेर. निर्माल्याच्या ओळखीनं मग बाकीचे येतात. कोंबडीची आतडी, सलूनमधले केस, लहान पोरांचे डायपर, मयताची गादी, काच फुटलेले देवांचे फोटो. एकदा एक अख्खा फ्रिज आला होता. त्याला हार घातलेला होता.

टाकायचा एक नियम आहे आणि तो सगळे पाळतात. वरच्या अंगाला टाकायचं नाही. वरच्या अंगानं नदी आपल्याकडं येते, तिच्या तोंडावर टाकणं पाप. म्हणून माणसं पुलाची रुंदी ओलांडून खालच्या अंगाला जातात आणि तिकडं टाकतात. खालच्या अंगाला टाकलं की गेलं. कुठं गेलं, हे विचारायची आमच्यात पद्धत नाही. तिथून दोनशे फुटांवर गावाच्या नळपाण्याची विहीर आहे. तीही खालच्या अंगालाच आहे.

मागच्या वर्षी ग्रामपंचायतीनं पुलाच्या कठड्याला आठ फूट उंच जाळी बसवली. माझे वडील रखमाजी, म्हणजे आमचे आबा, पंचायतीचे सदस्य आहेत. आठवडाभरात त्यांच्याकडं म्हाताऱ्यांच्या तक्रारी सुरू झाल्या की पिशवी जाळीवरून जात नाही, परत अंगावर येते, परवा एकीच्या डोक्यावर फुटली. पंचायतीनं मीटिंग घेतली, ठराव केला आणि जाळीला छातीच्या उंचीवर खिडकी पाडली. खिडकीच्या कडांना रबर लावलं, हात कापू नये म्हणून. ठराव एकमतानं मंजूर झाला. आमच्या गावात एकमतानं झालेलं ते एकमेव काम.

आता माझं. मी कुमार, वय एकोणतीस, शिरवळला एका कंपनीत पॅकिंगला आहे. आतापर्यंत सहा मुली बघितल्या. मुली पगार विचारतात, जमीन विचारतात, पुण्यात फ्लॅट आहे का विचारतात. सातवी मुलगी गुंजवण्याची, वर्षाराणी. तिनं विचारलं, "तुमच्याकडं पाणी कुठलं?"

"नदीचं."

"नदी कशी आहे?"

"आडवी," मी म्हणालो.

ती हसली. तोंडावर हात न घेता, मोठ्यानं, बापासमोर. माझ्या विनोदाला एवढं खरं हसलेलं माणूस मी तोवर पाहिलं नव्हतं. घरी येऊन मी आईला सांगितलं, ही नाही तर कुणी नाही. आई म्हणाली, कुणी नाहीची तयारी आपली आहेच.

तिच्या वडिलांचा निरोप आला की रविवारी चार वाजता घर बघायला येतो.

आबांनी शनिवारी नव्या पुलावर उभं राहून पाहणी केली. तिथून येताना डाव्या हाताला जुना पूल दिसतो आणि त्याच्याखालचा ढीग. उन्हाळ्यात पाणी उतरलेलं असतं, त्यामुळं ढीग नीट दिसतो, थरांसकट. आबांनी बराच वेळ विचार केला आणि भोरला जाऊन चाळीस फुटांचा फ्लेक्स करून आणला. तो नव्या पुलाच्या डाव्या कठड्याला बांधला. 'पाहुण्यांचे हार्दिक स्वागत'. एवढ्या मजकुरानं चाळीस फूट भरेनात, म्हणून माझा गॉगल घातलेला फोटो नऊ वेळा छापला होता.

दिसायचं मिटलं. वास राहिला. त्यासाठी आबा मला घेऊन रायबामामांकडं गेले. रायबामामा धनगर. त्यांचा वाडा माळावर, दीडशे मेंढरं.

"रायबा, उद्या दुपारच्याला मेंढरं पुलापाशी बसव," आबा म्हणाले.

"कशापायी?"

"पाव्हणे येत्यात. वास आला तर म्हणायचं, मेंढरांचा हाय."

रायबामामांनी हातातली काठी खाली ठेवली. "रखमाजी, माजी मेंढरं गरीब हायती, पर घाण न्हाईत."

"आरं तासाभराचा तर प्रश्न."

"तुज्या पोराचं लगीन व्हईल आन् माज्या मेंढरांचं नाव जाईल. आन् ती तितं बसायची बी न्हाईत. म्या त्यास्नी पाण्याला दोन कोस वर नेतो. औंदा एकडाव तितलं पाणी दावलं व्हतं. थुकली."

"मेंढरू कुठं थुकतं व्हय?"

"कुठंच न्हाई थुकत," रायबामामा म्हणाले. "तितं थुकली."

शेवटी आबांनी उदबत्तीचे बारा पुडे आणले आणि नव्या पुलाच्या कठड्याला ओळीनं पेटवले. रविवारी पुलावर देवळाचा आणि मेलेल्या कोंबडीचा असा मिळून एक वास येत होता. दोन मोटारसायकलवाले थांबून नमस्कार करून गेले.

मला मोटारसायकल घेऊन पुलाच्या तोंडाशी उभं केलं होतं. चारला जीप आली. पुढं वर्षाराणीचे वडील मानसिंग, मागं ती. फ्लेक्स बघून मानसिंगमामा खूश झाले. ती म्हणाली, "थांबवा जरा." उतरली, कठड्याशी गेली आणि माझ्या चौथ्या आणि पाचव्या चेहऱ्याच्या मधला फ्लेक्स हातानं बाजूला केला.

"हे काय?"

"नदी," मी म्हणालो.

"तिच्या अंगावर काय आहे?"

"श्रद्धा."

या वेळी ती हसली नाही.

घरी सगळं तयार होतं. आबांनी पाण्याचा जार मागवला होता, त्याला झेंडूची माळ घातली होती. आईनं पोहे आणले. वर्षाराणी म्हणाली, "मावशी, जारचं नको. तुम्ही रोज पिता ते माठातलं द्या."

आईला कौतुक वाटलं. तिनं तांब्या भरून आणला. मुलीनं पर्समधून एक छोटी काचेची बाटली काढली, तळाशी पिवळट पावडर. तांब्यातलं पाणी तिच्यात खुणेपर्यंत भरलं, बूच लावलं, हलवलं आणि पोह्यांच्या ताटलीशेजारी ठेवलं.

मानसिंगमामा खाली बघायला लागले. "जाईल तितं करती," ते म्हणाले. "सरकारनं गावातल्या पाच बायकांना पाणी तपासायचं शिकवलं, त्यातली ही एक. तवापासनं आमी बोलायचं सोडलंय."

"यात चोवीस तास थांबायचं," वर्षाराणीनं आईला समजावलं. "पाणी काळं झालं तर त्यात घाण आहे."

"कसली गं?"

"संडासातली."

पोहे खाणारे सगळे थांबले. आबांनी घसा साफ केला. "कुणाच्या?" त्यांनी विचारलं. म्हणजे घरातल्या माणसांच्या संडासातली असेल तर हरकत नव्हती.

"ते यात कळत नाही," ती म्हणाली. मग तिनं ती बाटली उचलून माझ्या हातात दिली. "हिला ऊब लागते. खिशात ठेवा, झोपताना उशाला घ्या. उद्या चारला फोटो पाठवा. मी तेव्हा काय ते सांगते."

एका मुलीनं मला छातीशी ठेवायला दिलेली ही पहिली वस्तू. मी ती शर्टाच्या खिशात ठेवली आणि खिशाचं बटण लावलं.

जीप गेल्यावर आईनं बाटलीला हळदकुंकू लावलं. आबा म्हणाले, आत्ताच ओतून जारचं भर. मी म्हणालो, आतली पावडर विरघळली आहे, आता ते चालणार नाही. आबा म्हणाले, पावडर आपल्याकडं पण असते, कुठली लागते सांग. मी जेवलो आणि बाटली उशाखाली घेऊन झोपलो.

सकाळी सहाला जाग आली ती वासानं. बूच जरासं सैल झालं होतं. खोलीत कुजक्या अंड्याचा वास भरला होता आणि उशाखाली बाटली काळी. करडी नाही, गढूळ नाही. डांबरासारखी. काचेला हळदकुंकू लागलेलं, त्यामुळं ती अजूनच ठसठशीत दिसत होती. चोवीस तासांचं काम गावानं चौदा तासांत केलं होतं. आमच्याकडं मुदतीच्या आत झालेलं मी दुसरं काही पाहिलेलं नाही.

मी बाटली नेऊन ओट्यावर ठेवली. आई चहा करत होती. तिनं बाटलीकडं बघितलं, पदर नाकाला लावला आणि माझ्या हातात कप दिला. मी चहा प्यायलो. आबा आले, त्यांनीही कप घेतला आणि बाटलीला प्रदक्षिणा घातल्यासारखं सगळ्या बाजूंनी बघून ते म्हणाले, "पोरीची बाटलीच खराब असंल."

"आबा, हे आपल्या विहिरीचं पाणी आहे."

"आरं, मी साठ वर्सं पितोय. मला काय झालंय?"

यावर आईनं गेल्या दोन वर्षांतले त्यांचे जुलाब मोजायला सुरुवात केली. आबांनी तिला थांबवलं आणि आतून खोकल्याच्या औषधाची रिकामी बाटली शोधून आणली. धुतली, जारचं पाणी भरलं, लेबल खरवडलं. "ह्याचा फोटू धाड."

मी फोटो काढला. खिडकीतलं ऊन बाटलीतून आरपार आलं होतं. माझ्या नऊ फोटोंपेक्षा चांगला होता तो. पाठवायला बोट नेलं. पण पाठवला की ती येणार, आणि आली की रोज हेच पाणी तिच्या पुढ्यात येणार, तेव्हा तिला प्यायला मी फोटो देणार होतो का? मी तो पुसला. काळ्या बाटलीचा काढला आणि पाठवला. खाली लिहिलं, 'चौदा तास.' आबांनी कपाळावर हात मारून घेतला.

मग त्यांनी काळी बाटली एका पिशवीत घातली, पिशवीला दोन गाठी मारल्या आणि चपला घालून निघाले.

"कुठं नेताय?"

"घरात ठिवायची का असली अवदसा? टाकून येतो."

"आबा, नका!" मी मागं धावलो. मी पुलावर पोचलो तेव्हा ते हात जोडून उभे होते. पिशवी गेलेली होती. खालच्या अंगाला.

तिथंच फोन वाजला.

"फोटो बघितला," वर्षाराणी म्हणाली. आवाज बरा होता. "खरा पाठवलात. मागच्या दोघांनी स्वच्छ पाठवलं होतं. एकाच्या बाटलीवर औषधाच्या लेबलाचा डिंक दिसत होता."

मी आबांकडं बघितलं. ते घराकडं निघाले होते.

"पाणी काळं निघालं म्हणून मी नाही म्हणत नाही," ती म्हणाली. "आमच्याकडंही एकदा निघालं होतं. आम्ही ती विहीर बंद करून टाकली. ते करता येतं. बाटली जपून आहे ना? तिच्यात आता जंतूच जंतू असणार. ब्लीचिंग पावडर घालून खोल पुरायची असते."

मी खाली बघितलं. पिशवी एका गादीवर पडली होती. आत बाटली फुटून गादीला काळा डाग पसरत होता.

"आबांनी टाकली," मी म्हणालो.

"कुठं?"

"पुलावरून."

मग तिनं वेगळंच विचारलं. "तुम्ही सकाळी चहा घेतला?"

"घेतला."

"कुठल्या पाण्याचा?"

"माठातल्या."

"बाटली बघायच्या आधी, का नंतर?"

इथं खोटं बोलता आलं असतं. आणि याचा फोटोही मागितला नसता तिनं. पण मी खरंच आठवून बघितलं, आणि मला माझाच धक्का बसला. आईनं कप दिला तेव्हा बाटली कपापासून वीतभर अंतरावर होती. दोन्हींना वाफ येत असल्यासारखं वाटत होतं. आणि मी फुंकर मारून प्यायलो होतो, वर साखर कमी आहे म्हणालो होतो.

"नंतर," मी म्हणालो. "पण उकळलेला होता."

"म्हणून घेतलात?"

"नाही," मी म्हणालो. "दिला म्हणून घेतला."

"मला वाटलंच," ती म्हणाली. रागानं नाही. मेंढरांबद्दल रायबामामा बोलतात तशी, काळजीनं. "आबांचं जाऊ द्या, त्यांचं वय झालं. तुम्हाला तर कळलं होतं. कळूनही घशाखाली जातं ज्याच्या, त्या माणसाजवळ नाही मला राहता येणार. उद्या माझ्याही घशाखाली जायला लागेल." आणि शेवटी, "तुम्ही विनोद चांगले करता," म्हणून तिनं फोन ठेवला.

घरी परत येईपर्यंत ऊन चढलं होतं. आबा कधीच पोचून ओसरीवर बसले होते. "काय म्हणली?"

"नाही म्हणाली."

"पाण्यावरनं?"

"नाही. माझ्यावरनं."

आबांनी मान हलवली. "लई चिकित्सक पोरगी. बरं झालं आदीच कळलं." मग त्यांनी आत आईला हाक मारली, "भागूबाई, ह्यो एवढ्या उन्हाचा आलाय, ह्याला पाणी दे आदी."

आईनं माठातून तांब्या भरून आणला आणि माझ्यापुढं धरला. पाणी गार होतं, तांब्याला बाहेरून थेंब आले होते. मला पुलावरून उन्हातून आल्यानं तहान लागली होती आणि जार संपला होता.

मी प्यायलो. चव नेहमीचीच होती.