पूर्ण नाव

बार्थोलोम्यू रेव्हन्सक्रॉफ्ट खुर्चीतून उठले, हॅट काढून छातीशी धरली आणि समोरच्या शेतकऱ्याला खणखणीत आवाजात म्हणाले,

"मिस्टर ड्रिस्कॉल, मी आपला ऋणी आहे."

ड्रिस्कॉलने नुकतंच चारचौघांत त्यांचं नाव घेतलं होतं. कोर्टाच्या पायऱ्यांपाशी टेबल मांडायचं, मतदाराने तिथे येऊन आपल्या तोंडाने उमेदवाराचं नाव उच्चारायचं, कारकुनाने ते लिहून घ्यायचं आणि उमेदवाराने उठून आभार मानायचे, ही त्या काळची केंटकीतली रीत. तीन दिवसांच्या उठाबशांनी जजसाहेबांचे गुडघे धरले होते, आवाज मात्र तसाच होता. आधी वकिली आणि मग जजगिरी त्यांनी त्याच आवाजावर केली होती. पाद्र्याचं प्रवचन लांबलं की गावात म्हणत, याला रेव्हन्सक्रॉफ्टची हवा लागली.

"दोघं बरोबरीत," कारकून म्हणाला.

बरोबरी म्हणजे हारच. कारण मग निर्णायक मत मतदान घेणाऱ्या शेरीफचं, आणि शेरीफ हा हार्लन स्ट्राउडचा जावई. स्ट्राउडच्या गिरणीच्या बांधाने वरच्या अंगाची शेतं दरवर्षी पाण्याखाली जात. जज असताना रेव्हन्सक्रॉफ्टनी तो बांध फोडायला लावला. आता ते राज्याच्या सिनेटसाठी उभे राहिल्यावर स्ट्राउडने त्यांच्यासमोर सायलस कॉबला उभं केलं आणि स्वतः पहिल्या बाकावर पाइप ओढत बसला. त्याच्या देखत रेव्हन्सक्रॉफ्टचं नाव घ्यायचं म्हणजे भल्याभल्यांच्या घशाला कोरड पडत होती.

जजसाहेबांच्या बायकोने, केझायाने, टोपलीतला आल्याचा केक त्यांच्या हातावर ठेवला.

"घ्या. सभ्यपणाची हौस फिटली ना?"

आणखी एक रीत होती. उमेदवाराने आपलं मत सौजन्य म्हणून प्रतिस्पर्ध्याला द्यायचं. जजसाहेबांनी पहिल्याच दिवशी कॉबचं नाव घेतलं होतं. कॉबने वाकून आभार मानले, आणि आज सकाळी येऊन खुशाल स्वतःचंच नाव घेतलं.

"रीत ती रीत, केझाया."

"हो ना. मला मत असतं तर मी तुम्हालाच दिलं असतं. बहुतेक."

सूर्य नदीपलीकडच्या झाडांत उतरला होता. शेरीफ उठला. "मतदान बंद होतंय! पहिली हाक!"

कुणी हललं नाही.

"दुसरी हाक!"

गर्दीतून कातडी एप्रन बांधलेला एक माणूस पुढे आला. ओबडाया क्रू, लाकडी पिंपं बनवणारा. त्याला बघून रेव्हन्सक्रॉफ्टच्या माणसांचे चेहरे पडले.

"झालं! कॉबचं मत आलं."

ओबडाया बोलताना अडखळायचा. लहानपणापासून. त्यामुळे तो पक्ष बघत नसे, माणूस बघत नसे. ज्याचं नाव आखूड त्याला मत. गाव यावरून हसायचं आणि तोही हसायचा. त्यातून त्याची सगळी पिंपं स्ट्राउडची गिरणी घ्यायची.

"बोल बाबा लवकर," स्ट्राउड पाइप न काढता म्हणाला. "कॉब म्हण आणि घरी जा."

ओबडायाने टेबलाची कड धरली. "रे..." तो म्हणाला. मानेची शीर फुगली. "रे... रे..."

स्ट्राउडने पाइप काढला.

घोड्यांच्या लगामांचा आवाज ऐकू येऊ लागला. ओबडाया थांबला, श्वास घेतला, परत सुरुवातीपासून निघाला, आणि शेवटी एका दमात म्हणाला, "रेव्हन्सक्रॉफ्ट!"

आरोळी उठली, टोप्या उडाल्या. शेरीफने हात वर केला.

"कुठला रेव्हन्सक्रॉफ्ट? पूर्ण नाव हवं."

"दिवसभर नुसतं कॉब चाललं की रे, लबाडा!" मागून कुणीतरी ओरडलं.

"बार्थो..." दुसरा एक जण सांगायला लागला.

"कुणी सांगितलं तर मत बाद!" शेरीफ म्हणाला. मग स्वर चढवून, "तिसरी..."

जजसाहेब उठले. "शेरीफ, तिसऱ्या हाकेआधी जो टेबलापाशी आला, त्याचं बोलणं पुरं होईपर्यंत मतदान बंद करता येत नाही. कायदा आहे. मग रात्र झाली तरी चालेल." आणि ते खाली बसले. याउपर त्यांना काही करता येण्यासारखं नव्हतं. केक त्यांच्या मुठीत चुरडला होता.

स्ट्राउड शांतपणे म्हणाला, "ओबडाया, उद्यापासून पिंपं कुणाला विकणार आहेस?"

ओबडायाने त्याच्याकडे पाहिलं. कपाळावरचा घाम एप्रनला पुसला. मग तो स्ट्राउडकडे पाठ करून उभा राहिला.

"बा..."

त्या नावाला एवढी अक्षरं आहेत हे त्या संध्याकाळी सगळ्या गावाला कळलं. तो अडला, मागे आला, परत निघाला. कुणी हसलं नाही. पहिल्या रांगेतल्या बायकांचे ओठ त्याच्याबरोबर हलत होते, आवाज न करता. एकदा तर वाटलं, संपलं. त्याने डोळे मिटले, मूठ टेबलावर ठेवली, आणि हातोडीने पिंपाचं कडं बसवावं तसं एकेक अक्षर ठोकत नेलं.

"बार्-थो-लो-म्यू. रेव्हन्सक्रॉफ्ट."

कारकुनाने लिहिलं. शेरीफला तिसरी हाक द्यावीच लागली, पण ती कुणाला ऐकू आली नाही. ड्रिस्कॉल घोड्यावर उभा राहून नाचत होता. केझायाने उरलेले सगळे केक गर्दीत उधळले आणि स्ट्राउडच्या हॅटवर एक नेमका पडला. ओबडाया मात्र टेबलापाशीच उभा होता. अजून एक रीत राहिली होती.

ते लोकांच्या लक्षात आलं तसा गलका हळूहळू विरला. जजसाहेब उठले. हॅट छातीशी धरली. तोंड उघडलं.

"मिस्टर क्रू..." ते म्हणाले, आणि पुढे काही येईना. ओठ हलले, गळा हलला. त्यांनी परत सुरुवात केली. "मिस्टर..."

ओबडायाने दोन्ही हात एप्रनच्या खिशात घातले.

"सा-सावकाश, जजसाहेब," तो म्हणाला. "मला घाई नाही."