आडव्या कपाटाचा कर्ण

मिस्तरींच्या बायकोला सगळे वहिनी म्हणत. त्रेचाळिसाव्या वर्षी वहिनींनी दहावीला बसायचं ठरवलं. बाकीचे विषय त्यांनी झपाट्यानं उरकले. घोडं अडलं ते वर्गमूळाच्या शाब्दिक उदाहरणांपाशी. दुपारी त्या वही घेऊन मिस्तरींच्या कारखान्यात येत. घरी एकटीनं अभ्यासाला बसलं की डोळा लागतो, असं त्यांचं म्हणणं.

“भिंतीला टेकवलेल्या शिडीची लांबी काढा,” त्यांनी एकदा वाचलं आणि वही मिटली. “अहो, शिडी समोर आहे ना? मग टेप लावा की.”

“शिडी अजून बनायची असेल,” मिस्तरी रंधा न थांबवता म्हणाले.

तेव्हा ते दवाखान्यासाठी औषधांचं कपाट करत होते. वरच्या मजल्यावरची खोली बुटकी होती, छत दोनशे अठ्ठेचाळीस सेंटिमीटरवर. कपाट दोनशे चाळीस उंच, सत्तर खोल. जिना अरुंद, म्हणून फळ्या सुट्या न्यायच्या, तिथं जमिनीवर आडवं जोडायचं आणि मग उभं करायचं.

शिडीला कंटाळलेल्या वहिनींनी सरावाला कपाटाचेच आकडे घेतले. दोन वर्ग, त्यांची बेरीज, तिचं वर्गमूळ. बरोबर अडीचशे आलं. त्यांनी पुन्हा करून पाहिलं.

“अहो, कपाट उभं करताना त्याचा कोपरा वर जातो ना?”

“जातो.”

“अडीचशेपर्यंत जाईल. छताला अडेल.”

“तीस वर्षं कपाटं उभी करतोय मी.”

“उंच छतांच्या घरांत.”

मिस्तरींनी कपाटाची बाजूची अख्खी फळी जमिनीवर ठेवली, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत टेप लावला आणि स्टुलावर बसले. “दोन सेंटिमीटरनं नाक कापलं असतं गं.”

जरा वेळानं त्यांनाच सुचलं. “खालचे दहा कापून वेगळी बैठक केली तर? कपाट उभं करायचं, मग उचलून तिच्यावर ठेवायचं.”

वहिनींनी दोनशे तीस धरून आकडेमोड केली. “वर्गमूळ पूर्ण येत नाही.”

“म्हणजे अडलं?”

“नाही हो. दोनशे चाळीस आणि एक्केचाळीसच्या मधे कुठंतरी आहे.”

“मग बसलं,” म्हणत मिस्तरींनी करवत उचलली.

शनिवारी कपाट उभं राहिलं. उभं होताना कोपरा आणि छत यांच्यात चार बोटं जागा उरली. डॉक्टरीणबाईंनी वाखाणणी केली, तेव्हा मिस्तरी म्हणाले, “लाकूडकाम माझं. गणित हिचं.” वहिनी उगाच औषधांच्या बाटल्या सरळ करू लागल्या.

निकालात गणिताला अठ्ठावन्न पडले. मिस्तरींनी गुणपत्रिकेला चांगल्या लाकडाची चौकट केली आणि कारखान्यात, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल अशी लावली.

“अठ्ठावन्नला कोणी चौकट करतं का?” वहिनी लाजून म्हणाल्या.

“भिंत माझी, लाकूड माझं,” मिस्तरी म्हणाले, “आणि खिळा ठोकून झालाय.”