बारक्याची जागा

ताईच्या पहिल्या सिनेमात बारक्या मेला. दुसऱ्यातही मेला. मामानं टाकून दिलेला व्हिडिओ कॅमेरा घरात आला, आणि शाळा सुटली की या भावंडांना दुसरा उद्योग उरला नाही. ताई स्टुलावर चढून हुकूम सोडायची आणि धाकटा जिन्यावरून असा काही कोसळायचा, की आई हातातलं काम टाकून धावत यायची. मग दोघांनाही धपाटे. धपाटे खाता खाता बारक्या विचारायचा, कसा मेलो? ताईनं झकास म्हटलं की गडी खूश.

मोठी झाली तरी खूळ काही गेलं नाही. ताई लग्नांचे व्हिडिओ एडिट करून पोट भरायची, बारक्या औषधांच्या दुकानात काउंटर सांभाळायचा. सुट्टी मिळाली की दोघं मिळून छोट्या फिल्म करायचे. महोत्सवांतून नकार यायचे, पण हा मुलगा कोण, असं कुणी ना कुणी विचारायचंच.

आणि एकदाचा निर्माता मिळाला! गोष्ट बहीणभावाची, म्हणजे यांचीच. त्याची अट एकच: भावाच्या कामाला नाव असलेला नट हवा. ताईनं भांडायला नको होतं का? हवंच होतं. पण वर्षानुवर्षं उंबरे झिजवून ती थकली होती. तिनं मान डोलावली. घरी येऊन सांगताना तिची जीभ उचलेना, तर हा शहाणा उलट तिचीच समजूत काढू लागला. म्हणाला, आधी पिक्चर होऊ दे, मी काय कुठं पळून चाललोय?

पळाला असता तर बरं झालं असतं. शूटिंगला लाइट लावायला वेळ लागतो, तोवर नटाच्या जागी त्याच्याच उंचीचं कुणीतरी उभं करतात. ताईला वाटलं, त्या निमित्तानं हा निदान सेटवर तरी राहील. कुठून बुद्धी सुचली, देव जाणे. जमिनीवर चिकटपट्टीची खूण केलेली असायची, तिच्यावर बारक्या उभा. पहिल्या दिवशी तो सवयीनं प्रसंगात शिरला, त्याचे डोळे भरून आले, मान हलली. कॅमेरामन वैतागला.

"बारक्या, काही करू नकोस रे," ताई म्हणाली. "नुसता उभा राहा."

तो नुसता उभा राहायला शिकला. लाइट झाले की नट चहाचा कप खाली ठेवून यायचा आणि बारक्या बाजूला व्हायचा. जिन्यावरून पडायचं कसं, हेही नटाला त्यानंच दाखवलं.

सिनेमा गाजला. नटाला बक्षीस मिळालं, तेव्हा सगळ्यांत जोरात टाळ्या बारक्याच्या होत्या. शेजारी बसलेल्या ताईला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पुढच्या सिनेमाला तिनं ठणकावून सांगितलं, काम माझा भाऊच करेल, नाहीतर सिनेमाच नको. निर्माता कुरकुरला, पण कबूल झाला. ताईच्या छातीवरचा धोंडा उतरला. पहिल्या दिवशी ती सगळ्यांआधी सेटवर हजर. लाइट लागले, बारक्या खुणेवर उभा राहिला, सगळे गप्प झाले. ताई म्हणाली, "ॲक्शन."

बारक्या बाजूला झाला.

अगदी अदबीनं, मागून येणाऱ्याला वाट करून देतात तसा. दोघंचौघं हसले, तोही ओशाळून हसला आणि पुन्हा जागेवर आला. मग मात्र त्याच्याकडून काहीच होईना. हात लोंबत राहिले. संवाद आले ते गिऱ्हाइकाला गोळ्यांचे डोस सांगावेत तसे. दुपारपर्यंत तेच चाललं. शेवटी ताईनं त्याला बाहेर पॅसेजमध्ये नेलं, पाठीवर हात ठेवला आणि म्हणाली, हवा तेवढा वेळ घे.

"तसं नाही गं ताई," तो म्हणाला. "तिथं उभं राहिलं की आता आतून काही येतच नाही. तू आपली दुसऱ्या कुणाला तरी बोलाव. तो येईपर्यंत मी उभा राहतो."

ताई भिंतीला टेकली आणि हुंदके देऊन रडली. आतून कॅमेरामननं हाक मारली, लाइट बघायचेत. बारक्या लगबगीनं आत गेला.