नावाची चटई

धाकट्या सुनेला मुलगी झाली हे कळल्यापासून माझं बूड जमिनीला टेकत नव्हतं. चुलीपाशी गेले तर कशाला आले ते आठवेना, किनाऱ्यावर गेले तर माझ्यामागे घरात काहीतरी ठरतंय असं वाटे. बाळासाठी विणलेल्या चटईच्या कडेची लाल लोकर मी दोनदा उसवून पुन्हा लावली. माझी मामेबहीण वालेसी दारात बसून शिंपल्यांतलं मांस काढत होती.

"बस की गं जरा," ती म्हणाली. "बाळंत ती झालीये की तू?"

आमच्याकडे आते-मामे भावंडांनी एकमेकांची टर उडवायचीच असते. उडवली नाही तर लोक विचारतात, भांडण झालं का. वालेसीने मात्र ही रीत जरा जास्तच मनावर घेतलेली आहे.

माझं नाव दांगिलांबा, म्हणजे वादळ. साधासुधा वारा नव्हे, घरं उचलून नेणारं वादळ. मी जन्मले त्या दिवशी गावातली सात माणसं समुद्राने नेली. त्यांत माझे वडील होते. आईने डोंगराच्या कपारीत मला जन्म दिला आणि हे नाव ठेवलं. त्यात वेगळं काही नाही, आमच्या फिजीत पोराच्या जन्मावेळी जे घडलं त्याचंच नाव पुष्कळदा पोराला मिळतं. गावात एकाचं नाव बोटीवरून आहे, एकाचं लढाईवरून. मला हाक मारली की ती सात माणसं आठवावीत, असं आईच्या मनात होतं. लोकांना ती आठवायची, पण मागोमाग भीतीही वाटायची.

बाळाला ज्याचं नाव देतात तो त्याचा यादा. यादाने पहिली चटई आणायची, जन्मभर लाड करायचे, आणि दोघांनी एकमेकांना 'यादा' म्हणूनच हाक मारायची. गावात प्रत्येकाला एखादा तरी यादा आहे. वालेसीला चार आहेत आणि मला एकही नाही. थोरल्या मुलाला पहिली मुलगी झाली तेव्हा रीतीप्रमाणे बापाच्या आईचं, म्हणजे माझं नाव यायचं. ऐनवेळी सगळे कचरले आणि सुनेच्या आईचं ठेवलं. दुसरीला वालेसीचं ठेवलं. माझ्याच नातीला हाक मारायला मला या बयेचं नाव घ्यावं लागतं. दोन्ही वेळा विणलेल्या चटया शेवटी कुणाकुणाच्या लग्नांत गेल्या.

"ही तिसरीही लग्नातच जाणार," वालेसी म्हणाली. "पोरीला तुझं नाव ठेवायचं तर आधी रेडिओवर इशारा द्यायला लागेल."

"तुझं नाव ठेवलंय त्या पोरीचं तोंड दिवसभर मिटत नाही. तेव्हा कुणी इशारा दिला होता?"

ती खदाखदा हसली. मला हसू आलं नाही. मी त्र्याहत्तर वर्षांची आहे. त्या सात जणांना ओळखणारं कुणी उरलेलं नाही. ते आहेत ते माझ्या नावात. हे बाळ माझ्या धाकट्या एमोसीचं, आणि त्याच्यानंतर मला मूल नाही. या वयात मला ही शेवटचीच संधी. थोरले दीर इलाईतिया चौथ्या दिवशी सगळ्यांसमोर नाव सांगणार होते. त्यांनी मला बोलावून शब्द दिला होता, "या वेळी तुझंच. मी कुणाचं ऐकणार नाही."

तरीही जीव थाऱ्यावर येत नव्हता, आणि त्याला कारण होतं तितिलिया, एमोसीची बायको. ती दूरच्या बेटावरची. कामाला वाघीण, बोलायला गोड. पण रेडिओवर हवामानाच्या बातम्या लागल्या की ती उठून बंद करायची. वादळाचा विषय निघाला तर 'मोठा वारा' म्हणायची. तो शब्द, म्हणजे माझं नाव, लग्नानंतरच्या दोन वर्षांत तिच्या तोंडून एकदाही आला नव्हता. सासूचं नाव हिला अपशकुनी वाटतं, हे मी मनात धरून ठेवलं होतं. आता पोरीला हाक मारायला तेच नाव दिवसातून वीस वेळा घ्यावं लागेल, या विचाराने मला आनंद होत होता. खोटं कशाला बोलू?

चौथ्या दिवशी सकाळी मी तिच्यासाठी माशाचं सार घेऊन गेले. पडद्याआडून तिचा आवाज येत होता.

"झोप गं, उनाईसी. झोप बघू."

मी पडदा सारला. तिने बाळाला पटकन छातीशी घेतलं.

"कोण उनाईसी?"

"कुणी नाही, आई."

"चार दिवसांच्या पोरीला चोरून नाव ठेवतेस? आणि वर मलाच सांगतेस कुणी नाही?"

ती रडली असती तर मी आणखी बोलले असते. तिने नुसतं बाळाच्या पायावरचं पांघरूण सारखं केलं.

"माझी बहीण होती. नऊ वर्षांची."

"लहानपणी गेली, एवढं एमोसी बोलला होता."

"आमच्याकडे दांगिलांबा आलं तेव्हा गेली." तो शब्द तिने हळूच, चटका बसावा तसा उच्चारला. "आम्ही सगळे शाळेत जाऊन बसलो होतो. पाणी तिथेही शिरलं. तिचा हात माझ्या हातात होता." तिने बाळाची मूठ आपल्या मुठीत घेतली. "मग नव्हता. ती सापडली नाही."

एमोसीने सांगितलं तेव्हा, कशाने गेली गं, एवढंसुद्धा मी तिला विचारलं नव्हतं. माझी मलाच लाज वाटली.

"मला का नाही सांगितलंस?"

"तुमच्या नावाबद्दल तुम्हाला काय सांगू? ठेवा तुम्ही नाव, आई. रीत आहे. मला होईल सवय."

सार तिच्यापुढे ठेवून मी बाहेर आले आणि माडाखाली येरझाऱ्या घालत राहिले. सवय होईल म्हणे. माझ्या आईला कुठे झाली? ती मला जन्मभर 'पोरी' म्हणाली. मला नातवंडं झाली तरी 'पोरी'च. मला वाटायचं लाडाने म्हणते. तिने ठेवलेलं नाव तिनेच कधी तोंडाने घेतलं नव्हतं, आणि हे माझ्या लक्षात यायला त्र्याहत्तर वर्षं लागली.

दुपारी मोठ्या घरात सगळे जमले. यांगोना या मुळीच्या पेयाची वाटी फिरली. इलाईतियांनी घसा साफ केला, तशी मी बायकांच्या रांगेतून वाकून पुढे गेले.

"नाव उनाईसी ठेवा," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे रोखून पाहिलं. "हे नाव आपल्या घरातलं नाही."

"सुनेच्या बहिणीचं आहे. तिला वादळाने नेलं."

"तीन बाळंतपणं तू माझ्या मागे लागलीस. आज मी द्यायला बसलो तर नको म्हणतेस?"

"हो."

"मेलेल्या माणसाचं नाव ठेवायला हरकत नाही," ते म्हणाले, "पण मग चटई त्याच्या घरच्यांनी आणायची. तिच्या घरचे दोन दिवसांच्या समुद्रापलीकडे. चटई कोण आणणार?"

"मी आणते."

मी घरी गेले तर वालेसी माझ्या मागोमाग आलेली. चटई जड होती. तिने दुसरं टोक उचललं आणि मोठ्या घरापर्यंत माझ्याबरोबर आली. साठ वर्षांत पहिल्यांदा तिला टोमणा सुचला नाही.

बाळाला चटईवर ठेवलं. लाल लोकर एका कोपऱ्यात पुन्हा सुटलेली मला दिसली. माझं नाव आता माझ्याबरोबरच जाणार, आणि ते सातही जण. हे मला तेव्हा टोचलं, आजही टोचतं. मी उठून जायच्या बेतात होते, तेवढ्यात तितिलियाने बाळ उचलून माझ्या मांडीवर ठेवलं.

"उनाईसी, जा, तुझ्या यादाकडे जा."

ऐकू आलंच नाही असं मी दाखवलं, म्हणून ती पुन्हा म्हणाली.