राबातला अजगर

पहिला दगड बायजीने मारला. तो ठकीच्या कपाळावर बसला. दुसरा कोणी मारला ते मी पाहिलं नाही, कारण तोवर माझ्या पाठीत काठी बसली होती आणि मी तोंडावर आपटलो होतो.

"भुताळी हाय ती! बांधा तिला!" बायजी ओरडत होती. "माज्या पोराचे पाय जाळले रांडेनं!"

पाड्यातल्या माणसांनी ठकीला बांधावरच्या ताडाला बांधलं, गुरांच्या दाव्याने. ठकी माझी थोरली बहीण. सायवनला आमचं दीड एकर भाताचं रान आहे, नवरा वारल्यापासून ती एकटी कसते. मूलबाळ नाही. अख्ख्या पाड्यात कोणाच्या अध्यात नाही, मध्यात नाही. आणि बायजी कोण, तर सख्खी शेजारीण. तिचा दीपेश लहानपणी जेवायचा आमच्याकडे आणि झोपायचा त्यांच्याकडे. ज्यांच्याकडे मीठ मागायला जायचं तेच दगड घेऊन उभे, याला काय म्हणायचं तुम्हीच सांगा.

मी लहान्या. तलासरीच्या एका शाळेत प्रयोगशाळा परिचर. परिचर हा कागदावरचा शब्द. बाटल्या धुवायच्या, बर्नर पुसायचे, बरणीतल्या सापांचं औषध बदलायचं, हे माझं काम. सव्वीस वर्षं झाली. दहावीपर्यंत मला ठकीने शिकवलं, स्वतः शाळेचं तोंड न बघता. म्हणून दर एप्रिलात एक रविवार मी सायवनला जातो म्हणजे जातोच. राब लावायला.

राब लावायचा म्हणजे भाताचं रोप टाकायची जागा भाजून घ्यायची. शेण, पालापाचोळा, गवत, वर मातीचा पातळ थर, आणि मग काडी. आमच्या घरात ती काडी भावाने लावायची रीत आहे. बहीण आगपेटी हातात देते, भाऊ लावतो. आई गेल्यापासून मीच लावतो.

त्या रविवारी सकाळी ठकीने आगपेटी दिली आणि नाक वर केलं.

"वास येतो का रे कसला?"

मलाही आला होता. गोडसर, डोक्यात चढणारा, कपाटाला पॉलिश मारल्यावर येतो तसा. राबाच्या खालच्या अंगाला नाला आहे, तिकडून येत होता. पण माझ्या कपड्यांना बारा महिने असलाच काहीतरी वास असतो. बायको माझे शर्ट वेगळ्या बादलीत भिजवते.

"माज्या सदऱ्याचा असंल," मी म्हणालो, आणि काडी ओढली.

हे वाक्य मी पोलिसांना सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगतोय.

राब नीट धरला. धूर निघाला, ठकी खुशीत हसली. मग आगीची एक जीभ पाल्यावरून खाली उतरली, नाल्याच्या पाण्यावर निळी रेघ सरकली, आणि भसकन सगळा नाला उभा पेटला. पाणी पेटलं हो! वळणावळणाने ज्वाळा खाली पळत गेली. खालच्या डोहात दीपेश म्हशीला पाणी पाजत होता, गुडघाभर पाण्यात उभा. त्याची किंकाळी मला अजून ऐकू येते. म्हैस पेटत्या पाठीने रानात पळाली आणि आंब्याखाली कोसळली.

किंकाळी ऐकून पाडा धावत आला. नेमक्या त्याच वेळी नाल्याकाठच्या करवंदीच्या जाळीतून अजगर बाहेर आला. चांगला दहा-अकरा फुटांचा, अंगावर फोड, पाठीला जळका पाला चिकटलेला, अंगातून धूर निघत होता. जीव घेऊन पळत होता बिचारा. समोर माणसं बघून त्याने जबडा उघडला आणि फुत्कारला, आणि मागे नाला धडधडत होता. समोरून बघणाऱ्याला आग त्याच्या तोंडातूनच येताना दिसली. खोटं कशाला बोलू, क्षणभर मलाही तशीच दिसली.

"ड्रॅगन!" तुषार किंचाळला. हा अच्छाडच्या ढाब्यावर कामाला असतो, सुट्टीला आला होता. "अरे बाप रे, असली ड्रॅगन हाय!" आणि त्याने मोबाइल वर धरला.

ड्रॅगन! आठच दिवसांपूर्वी आमच्या कीर्ती मॅडमना नववीच्या मुलांनी विचारलं होतं, ड्रॅगन खरंच असतो का? मी मागे परीक्षानळ्या पुसत होतो. मॅडम म्हणाल्या, असा प्राणी कधी झालाच नाही. जमिनीतून जुन्या काळच्या अवाढव्य जनावरांची हाडं निघाली, लोकांनी त्यावर कातडं चढवलं, पंख लावले. चीनमध्ये तो पाऊस देतो, युरोपात आग ओकतो, आपल्याकडे नाग होऊन पृथ्वी डोक्यावर धरतो आणि धनावर बसतो. तक्षकाने तर नुसत्या विषाने अख्खा वड जाळला. एक किडा आहे, तो शेपटीतून उकळतं पाणी मारतो, पण आग पोटात ठेवून जगेल असं जनावर नाही. एका मुलीने विचारलं, मग सगळ्या देशांत तो कसा काय? मॅडम म्हणाल्या, भीती सगळ्या देशांत असते. मला ते पटलं होतं. वर्गात बसून सगळं पटतं.

इथे कुऱ्हाडी आल्या होत्या. "मारू नका, अजगर हाय नुसता, इख नाय त्याला!" मी ओरडत होतो. कोण ऐकतो? पहिला घाव मानेवर बसला, पण तो मेला नाही. वेटोळी घालत, रक्त उडवत तो ठकीच्या बांधाकडेच सरकला, कारण तेवढीच बाजू मोकळी होती. मग कोयते पडले. किती पडले त्याला हिशेब नाही. पोट फाटलं आणि आतून पांढरी, मऊ अंडी घरंगळली. वीस-पंचवीस तरी असतील. मादी होती ती.

माणसं मागे सरली. कोणीतरी म्हणालं, "पिल्लं हायत. पाळलेली हाय ही."

तिथे ठकीचं नशीब फिरलं. कारण गेल्या पावसाळ्यात हाच अजगर तिच्या कुडाशी निघाला होता, लोक मारायला आले तेव्हा ती आडवी आली होती. "ऱ्हाऊ द्या, उंदीर खातो, माजं काय खातो?" असं म्हणाली होती. ते शब्द सगळ्यांना एकदम आठवले. अजगर तिच्या जाळीतला, आग तिच्या राबातली, पळाला तो तिच्या बांधाकडे. दीपेशला टेम्पोत घालून कासाच्या दवाखान्यात नेलं होतं, त्याच्या पायांची कातडी लोंबताना बायजीने पाहिली होती. तिने दगड उचलला.

मी उठलो तेव्हा माझे दोन दात मातीत पडले होते. ठकीच्या डाव्या डोळ्याच्या जागी रक्ताचा गोळा झाला होता. एक जण तिच्या पायांवर काठी चालवत होता, लाकडं फोडावी तशी, एकेक दमाने.

"काडी मी लावली!" मी बोंबललो. "रे, काडी मी लावली! मला मारा!"

"तुला बी तिनंच भारलाय," बायजी म्हणाली. "तू शिकलेला, तुला काय कळतं?"

बघा आता. माझं शिक्षण माझ्या कामाला यायचं तर ते असं आलं.

ठकी उरलेल्या डोळ्याने माझ्याकडे बघत होती. तिने नुसतं एवढं सांगितलं असतं की ह्याला मी वासाचं विचारलं होतं, तर लोक निदान माझ्याकडे वळले असते. तिने तोंड उघडलं नाही. कोणीतरी रॉकेलचा डबा आणायला घराकडे पळालं. रॉकेल कशाला, ते मला कळलं होतं.

मी नाल्याकडे धावलो. वरच्या बांधापलीकडे एक डबकं पेटायचं राहिलं होतं. वर रंगीत तवंग, तोच वास. खिशातला रुमाल त्यात बुचकळला आणि पिळत पिळत परत आलो. कोपरापर्यंत हात ओला. डाव्या हातात आगपेटी, ठकीने सकाळी दिलेली तीच.

शाळेत कीर्ती मॅडमचा एक आवडता प्रयोग आहे. रुमाल पेटतो, पण जळत नाही, हात भाजत नाही. मुलं टाळ्या वाजवतात. रुमाल तयार करून देतो मी. सव्वीस वर्षांत दोनशे वेळा तरी तो मीच भिजवलाय. स्पिरिट अर्धं, पाणी अर्धं, म्हणून तो जमतो. नाल्यात पाणी कोणी मोजून घातलं होतं?

"बघा!" मी ताडासमोर उभा राहिलो. "हे नाल्याचं पानी! माज्या हातात अजगर हाय का? बघा रे!"

काडी दातात धरून ओढली आणि रुमालाला लावली.

रुमाल पेटला आणि त्याबरोबर माझा हात पेटला. बोटांपासून कोपरापर्यंत, एका दमात. मी तो खाली टाकायला हवा होता. पण लोक बघत होते. पहिल्यांदाच माझ्याकडे बघत होते, अजगराकडे नाही, ठकीकडे नाही. म्हणून मी तसाच वर धरून राहिलो. कातडी तडतडली, आपलाच वास आपल्या नाकात गेला. मी आईच्या नावाने हंबरडा फोडत होतो आणि हात वर धरून होतो. काठीवाला थांबला. रॉकेलचा डबा घेऊन आलेला माणूस डबा मागे लपवायला लागला.

ओलं गोणपाट घेऊन माझ्या अंगावर पडली ती बायजी. तिने हात दाबून विझवला आणि मला मातीत धरून ठेवलं. मग तिने स्वतःची बोटं हुंगली. बराच वेळ हुंगत राहिली.

"शुक्रवारी रस्त्याच्या मोरीवर टँकर उभा व्हता," ती हळू म्हणाली. "पाइप सोडलेला नाल्यात. मला वाटलं, पानी सोडतंय. मीच दीपेशला बोलले, नाल्याला पानी आलंय, म्हशीला तिकडं ने."

मग ती उठली, ताडाजवळ गेली आणि दावं सोडायला लागली. गाठ सुटेना तेव्हा दातांनी सोडली. ठकीच्या पायाशी बसून ती जी रडली, तसं रडणं मी कोणाच्या मयताला ऐकलेलं नाही.

झालं ते एवढंच. नाल्यात रसायन ओतून गेलेला टँकर सापडला नाही. दीपेश वाचला, काठी घेऊन चालतो. माझ्या उजव्या हाताची तीन बोटं एकमेकांना चिकटली, आता बाटली धरता येत नाही, म्हणून शाळेने मला हजेरीच्या वह्यांच्या कपाटाशी बसवलंय. तुषारचा व्हिडिओ मात्र जगभर फिरला. रुमालाचा भाग त्यात नाही, तेव्हा तो मोबाइल खिशात घालून पळाला होता.

आणि अजगर मारला तिथे आता दगड उभा आहे, शेंदूर लावलेला. नारळ फुटतात. ठकीच्या दारावरून जाताना माणसं हात जोडतात, बायका पोरांना पदराआड घेतात. मारायची हिंमत कोणात नाही आणि तिच्या घरचं पाणी कोणी पीत नाही. एकटी बायजी येते, ओट्यावर बसते, पाणी मागून पिते.

या एप्रिलात मी पुन्हा गेलो. ठकीने राब रचून ठेवला होता. एका डोळ्याने नीट दिसत नाही म्हणून थर वाकडा पडला होता. मी म्हटलं, "या वर्षी तूच लाव. माज्या हातानं नको."

"रीत हाय ती," ती म्हणाली. तिने आगपेटी काढली, पण माझ्या हातात दिली नाही. पदरात धरून उभी राहिली.

"आधी वास घे."

 वर्षभर तिने हा शब्द काढला नव्हता. ना ताडाला बांधली होती तेव्हा, ना दवाखान्यात, ना पोलिसांसमोर. मी नाल्यापर्यंत उतरलो, गुडघ्यावर बसलो, पाण्यावर तोंड धरलं आणि लहान मुलासारखा हुंगत राहिलो. चिखल, शेवाळ, मासळीचा थोडा वास.

"काय नाय," मी म्हणालो.

ती स्वतः खाली उतरली. माझ्या शेजारी वाकून तिनेही वास घेतला. मग माझ्या डाव्या हातात काडी दिली आणि पेटी स्वतः घट्ट धरली.